छोट्या मशीनमधली ढालवाली

आमच्या ऑफिसात त्याला सगळे कात्रीदादा म्हणतात. पाच सुपरहिरोंच्या पलटणीचा एकच गेम आम्ही टीव्हीला जोडायच्या मोठ्या मशीनसाठी, कॉम्प्युटरसाठी आणि हातात मावणाऱ्या स्वस्त मशीनसाठी करत होतो. मोठ्यांचं कौतुक मोठं. तोच गेम कापून-कातरून छोट्यात कोंबायचं काम मात्र कात्रीदादाच्या गळ्यात. मी शेजारी बसून हिरोंचे झगे रंगवते. ही पात्रं आमची नव्हेत, परवानगीने वापरायला घेतलेली. झग्याचा निळा जरा फिका झाला तरी मालक मंडळी काम परत पाठवतात. त्यांनी माझ्या नाकी नऊ आणले, पण ते असो.

छोट्या मशीनमध्ये पाच जण काही केल्या मावेनात. मालकांनी खुशाल सांगून टाकलं, "पाचातली ती ढालवाली काढा. तिला कोण विचारतंय?"

कात्रीदादाची लेक विचारत होती. नवरा-बायको वेगळे झाल्यापासून ती आईकडे राहते, रविवारी त्याच्याकडे येते. तिच्याकडे तेच स्वस्त मशीन, आणि तिला ढालवालीच व्हायचं होतं. दादाने शब्द दिला होता.

मग हा माणूस हट्टाला पेटला. ढगांना कात्री लावली, गाण्यांना लावली, माझ्या झग्यांच्या चुण्यासुद्धा सोडल्या नाहीत. मी चांगलीच तडकले. तरीही जागा कमीच पडली, तेव्हा त्याने दोन मशीन जोडून दोघांनी खेळायची सोयच उडवली. ढालवाली बसली! आम्ही टाळ्या वाजवल्या. तो दिवसभर एकटाच खेळून गेम तपासतो. त्याला एकट्याचा खेळ पुरेसा वाटला. आम्हालाही त्यात काही खटकलं नाही.

गेम बाजारात आला त्या रविवारी लेक आली. पडद्यावर ढालवाली दिसताच तिने उडीच मारली. म्हणाली, "बाबा, तुझं मशीन काढ ना, जोडूया!"

दादा म्हणाला, "अगं, ते... मीच काढून टाकलं. हिला बसवायला."

पोरीचं तोंड एवढंसं झालं. मग तिनेच तोडगा काढला. "तू शेजारी बस. ही मेली की डाव तुझा."

सोमवारी मी विचारलं, "काय, खेळलात का बापलेक?" बिचारा हसला.

"दुपारभर शेजारी बसलो होतो," तो म्हणाला. "तिने ढालवालीला मरूच दिलं नाही."