तितराची हाक

अकोटला जाताना एसटीच्या खिडकीतून जळत्या पऱ्हाटीचा, कापसाच्या वाळल्या काड्यांचा, वास आला. शेजारचे गृहस्थ म्हणाले, "काय मस्त वास हाय!" मी लहान असताना आमचा पारधी बेडा, गावाबाहेरची आमची वस्ती, जळाली तेव्हाही हाच वास होता. आमच्या झोपड्या पऱ्हाटीच्याच तर होत्या.

बेडा चांदूर बाजारकडच्या ज्या गावालगत होता, त्या गावात चोरी झाली होती. पुरावा कशाला पाहिजे? पारधी होतेच ना! भरदुपारी अर्धं गाव टेंभे घेऊन आलं. आम्ही तुरीच्या वावरात लपलो. बाबांनी पळताना फक्त पाळीव तितर उचललं होतं. त्याच्या हाकेवर रानातली तितरं जाळ्यात यायची.

"हे वरडलं का मेलो आपन. मान मोड त्याची," काका कुजबुजला.

"काहून मोडू? अंधार केला का गप ऱ्हाते हे," बाबा म्हणाले आणि त्यांनी ते दुपट्ट्यात गुंडाळून छातीशी धरलं.

लोक गेल्यावर दुपट्टा सुटला. तितर बेड्याकडे तोंड करून ओरडलं. एरवी त्याच्या हाकेला माझी आत्या झोपडीतून शीळ घालायची, "आली रे राजा!" म्हणायची. पायानं अधू आत्या पळापळीत झोपडीतच राहिली होती. बाबा तिला आणायला वळले तोवर वाट पेटली होती. तितर थांबलं, मान वाकडी करून ऐकत राहिलं, पुन्हा ओरडलं.

आज मी पत्रकं वाटतो, मोर्चात न्याय मागतो, आणि मागतच राहणार. पण मला ती शीळ हवी आहे. ती कोणतं सरकार देणार?