आप्पांच्या गाडीचे दिवे

माझा धाकटा भाऊ संघर्ष वरवंडला हायवेवर गाड्यांचं वायरिंग करतो. तिथल्या सर्जेराव आप्पांच्या जुन्या जपानी गाडीचे दिवे बटण दाबलं की बॉनेटातून वर उठतात. गावातल्या प्रत्येक नवरदेवाला वरातीला तीच गाडी लागते. एकदा ऐन वरातीत डावा दिवा उठंना. त्याच्या मोटरीतलं बुश, म्हंजी दांड्याभोवतीचं प्लास्टिकचं कडं, झिजलं होतं आन् नवं कुठंच मिळंना. ह्या शहाण्यानं नायलॉन तासून बुश बसवलं. दिवा उठला, आन् हा अडकला!

नायलॉन टिकत न्हाई. तवापासून दर वरातीत हा गाडीच्या पुढं चालतो. दिवा अडला की बॉनेटात हात घालून मोटरीची खुंटी फिरवतो. रांजणगावच्या कंपनीत लागला होता, ती नोकरी लग्नसराईतल्या खाड्यांनी गेली. मी म्हणते, "न्हाई म्हण की एकदा!" तर म्हणतो, "आक्का, माझ्या दुकानाचा गाळा आप्पांचाच हाय."

काल शिरूरला माझ्या लेकीचं लग्न झालं. नवरीला मांडवात मामानं आणायचं असतं. हा आलाच न्हाई. जेवताना कुणीतरी मोबाईलवर आप्पांच्या पुतण्याची वरात दाखवली. गाडीचे दोन्ही दिवे ताठ वर उठलेले, आन् पुढं माझा भाऊ तेवढा वाकलेला.