मुक्या चित्रपटात बोलायचं नसतं

चित्रपट मंडळ चालवणाऱ्याला किस्से शोधावे लागत नाहीत, ते आपले आपण अंगावर येतात! मोहाडीत आमचं मंडळ आहे. गजूभाऊंच्या तांदळाच्या गोदामात पडदा लावतो. मी निवृत्त प्राध्यापक. परवा एक जुना मूकपट आणला. गोष्ट साधी: नवरा मोठं व्हायला शहरात निघतो, बायको मागे राहते. संवादांऐवजी पडद्यावर येणाऱ्या इंग्रजी पाट्या मी मराठीत वाचणार होतो. जन्मभर वर्गात बोललो, तरी पाट्या दहादा घोकल्या!

*

पहिल्याच मिनिटाला गजूभाऊ ओरडले, "सर, आवाज बंद हाये!"

"मूकपट आहे, गजूभाऊ."

"थे समजलं. पन थोडासा तरी वाढवा ना!"

*

पडद्यावर लग्न लागलं आणि लोकांनी पोत्यांत हात घालून अक्षता फेकल्या. पडद्यावर! मी कपाळाला हात लावला. वाटलं, आता गजूभाऊ थांबवतील.

गजूभाऊ कळवळले, "अबे, थो भारीतला चिन्नोर हाये! लग्नाले जाडा तांदूळ चालते!"

*

नायिका रडली, तर मागून "वन्स मोअर!" आमच्याकडच्या झाडीपट्टीच्या नाटकांची सवय. ऐकेचनात. शेवटी चित्रपट मागे नेऊन तिला पुन्हा रडवलं. यासाठी पीएचडी केली?

*

मग पाटी आली. मी वाचलं, "महत्त्वाकांक्षेपायी त्याने घर सोडलं." या एका शब्दावर मी आठवडा घालवला होता.

गजूभाऊंची सून वनिता म्हणाली, "हे आकांक्षा कोन व्हय, सर?"

"बाई नाही गं ती! पुढे जायची इच्छा."

"तिच्यापायी घर सोडलं ना? मंग बाईच म्हना!"

गोदाम हसलं. तिचा नवरा दिलीप तेवढा हसला नाही. गजूभाऊ माझ्या कानात म्हणाले, "सर, हाच पिक्चर भेटला का तुमाले? दिलीपले प्रमोशन भेटलं, ओडिशात. वनिताले इथंच ठेवतो म्हनते. आठ दिवसापासून दोघं बोलून नाही राहिले!"

अख्ख्या मोहाडीला ठाऊक होतं. फक्त मला नव्हतं!

*

शेवटी स्टेशन. गाडी सुटते आहे, नवरा दारातून बायकोला काहीतरी सांगतो आहे. आणि नेमकी तिथली पाटीच गायब!

"सर, काय म्हनून राहिला थो?"

"पाटी नाही हो. मला काय माहीत!"

मागून दिलीपचा हळू आवाज आला, "'तू बी चाल,' म्हनून राहिला थो."

वनिता पडद्यावरची नजर न हटवता म्हणाली,

"मंग मोठ्यानं म्हना ना! मुका थो हाये, तुमी नाही!"