हात जोडणारा सचिव

सेतुकाका गेले, हे मला सरकारी तांदूळ गिरणीच्या फाटकावर कळलं. मी त्यांची सख्खी पुतणी, आणि सांगितलं ते भात वाळवणाऱ्या सेल्वीनं. मी खासगीकरणाविरुद्धची पत्रकं वाटत होते. "तंगच्ची," धाकट्या बहिणीला हाक मारावी तशी सेल्वी म्हणाली, "तू इथे कशी? सकाळी तुझे काका गेले ना..." हातातला गठ्ठा तिनेच काढून घेतला. दोन वर्षं मी त्यांच्या घरची पायरी चढले नव्हते, म्हणून कुणी मला निरोप धाडला नव्हता.

काका गिरणीत बॉयलरवर होते आणि युनियनचे सचिव. मला देवनागरी त्यांनीच शिकवली, तीही महाराष्ट्रातून येणाऱ्या कामगार-पत्रकांवरून. आमचं गाव तमिळ मुलखातलं; राजवाड्यामागच्या आमच्या गल्लीत पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारे पुष्कळ, वाचणारे थोडे. गिरणीचे मॅनेजर व्यंकटराव याच गल्लीतले, काकांच्या बरोबरीचे. म्हणून काकांचा एक नियम होता, वेतनाच्या बोलण्यांत मराठीचा एक शब्दही काढायचा नाही. व्यंकटराव लाडात येऊन "काय रे सेतू" म्हणाले, तरी काका तमिळमध्येच "सांगा, सर" म्हणायचे. टेबलापलीकडच्या माणसांना न कळणारी भाषा म्हणजे त्यांच्या पाठीमागे केलेला सौदा, असं त्यांचं म्हणणं.

दोन वर्षांपूर्वी, कराराच्या वेळी, सरकारनं हात आखडता घेतला होता. करार कायम कामगारांपुरता करा, भात वाळवणाऱ्या हंगामी बायकांना वगळा, नाहीतर गिरणी विकू, अशी वरून ताकीद आली. सहा बैठका फुकट गेल्या. सातव्या बैठकीत मी कोपऱ्यात टिपणं घेत होते. खिडकीच्या गजांना बाहेरून कामगार चिकटले होते. व्यंकटरावांनी फाईल मिटली, आणि काका उठले. त्यांनी हात जोडले, आणि मराठीत म्हणाले, "व्यंकटा, त्या बायकांना सोडूं नको रे. तुझ्या पायां पडतों."

व्यंकटरावांनी मिटलेली फाईल पुन्हा उघडली. हंगामी बायकांचं कलम करारात आलं.

बाहेर आल्यावर सगळ्यांनी मला घेरलं. "मॅनेजरशी तुमच्या भाषेत काय बोलले ते?" मी संतापले होते. हक्काची गोष्ट, आणि त्यासाठी पाया पडायचं? मी म्हणाले, "पाया पडले." एवढंच. कुणासाठी, ते सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी पत्रक काढलं: हात जोडणारा सचिव आम्हाला नको. त्यातही कुणासाठी ते लिहिलं नाही. माझ्या लेखी तो तपशील होता. पंधरवड्यात काकांचं सचिवपद गेलं. कलम लढ्यानं मिळालं, असं लोक म्हणाले, आणि मीही म्हणाले.

काकांनी पत्रक माझ्यासमोर वाचलं. "बेस लिहिलंस," म्हणाले. "कुणासाठी, तेवढं राहिलं बघ."

"तत्त्व ते तत्त्व, काका."

"सरी, बरं तर," ते म्हणाले. "कापी घेतेस?"

मी कॉफी घेतली नाही. उठून आले. नियम मोडल्याचं त्यांनाही लागलं असणार, पण खरं काय ते त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. वाटलं असेल, हिनं लिहिलंय, हीच कधीतरी दुरुस्त करील. दोन वर्षं होती माझ्याकडे...

गेल्या आठवड्यात कुरुवैचं, म्हणजे वर्षातल्या पहिल्या पिकाचं, भात आलं, आणि काका गेल्यानंतरचा पहिला हंगाम सुरू झाला. सेल्वीनं मला वाळवणाच्या अंगणात नेलं. वीस-बावीस बायका बसल्या होत्या. मी पहिल्यांदा तोंड उघडलं. त्या दिवशी काका कुणासाठी पाया पडले, ते सांगितलं.  मग सेल्वी म्हणाली, "आम्हाला ठाऊक होतं. खिडकीत मी होते ना. भाषा नाही कळली, पण ते हात जोडून आमच्याकडेच बघत होते."

"मग तुम्ही बोलला का नाहीत?"

"आम्हाला कोण विचारतं?"

तिनं प्लास्टिकच्या पिशवीतून कराराची प्रत काढली. पद गेल्यावरही काका दर हंगामाच्या पहिल्या दिवशी इथे यायचे, अंगणाच्या कठड्यावर बसायचे आणि आपलं कलम बायकांना वाचून दाखवायचे, म्हणजे मुकादमानं फसवू नये. हे मला माहीत नव्हतं. मी वाचू लागले.

"हळू गं," मागून एक म्हातारी ओरडली. "सभा नाहीये ही. ते आमच्यासाठी वाचायचे."

मी कठड्यावर बसले, आणि पहिल्या शब्दापासून पुन्हा वाचायला घेतलं.