साखर काळी होईपर्यंत

साखर वितळू लागते तेव्हा आधी तिला वासच नसतो. कढईच्या कडेकडेने ती ओली होते, मग पाण्यासारखी पारदर्शक, आणि मग माघातल्या सकाळच्या उन्हासारखा कोवळा पिवळा रंग तिच्यात उतरतो. त्याच क्षणी तो वास दरवळतो, ज्यात माझं सगळं बालपण उकळत असतं. रहिमतपूरजवळच्या आमच्या गावात माझे वडील गुळव्या होते. उसाच्या रसाची भली मोठी काहील चुलीवरून नेमकी कधी उतरवायची, हे रंगावरून, वासावरून आणि बुडबुड्यांच्या आवाजावरून ठरवणारा माणूस म्हणजे गुळव्या. हंगामात चार गावांतून त्यांना बोलावणी येत. "पोरी, रंग चढाय लागला की डोळा लवू द्यायचा न्हाई," ते मला सांगत, "काळा गूळ निगाला म्हंजे गुळव्याचं नाक कापलं." तो धाक माझ्या हातात इतका मुरला आहे की सांगलीच्या शाळेत पंचवीस वर्षं मराठी शिकवूनही चिक्कीचा साधा पाक मी इतरांच्या आधी उतरवते, आणि खरं सांगायचं तर त्याचा मला गर्व होता.

यंदाच्या हिवाळ्याने तो उतरवला. आमचे हे कुपवाडच्या एका कारखान्यात आयुष्यभर लेथवर काम करत आलेले. पावसाळ्याच्या अखेरीला त्यांच्या घशात गाठ सापडली आणि मिरजेला जाऊन किरणांचे शेक घ्यावे लागले. शेकांनी गाठ विरली, पण तिच्याबरोबर जिभेची चवही गेली. डॉक्टर म्हणाले, चव परत येते, कधी ते सांगता येत नाही. मात्र वजन असंच उतरत राहिलं तर पुढच्या तपासणीला नाकातून नळी घालावी लागेल. त्या तपासणीला दहा दिवस होते. नळीबद्दल हे घरी एक अक्षर बोलले नाहीत. फक्त दाढी करताना वस्तरा हातात धरून आरशातल्या आपल्या चेहऱ्याकडे बराच वेळ पाहत राहत, आणि मी दारातून ते बघून निमूट स्वयंपाकघरात परत येई.

आजारी माणसाला गोड द्यावं, अशी आपल्याकडची रीत. शेजारणी खीर पाठवत, नणंद बेदाणे घालून शिरा करून आणी, मी स्वतः रोज काही ना काही साखरेत घोळत होते. हे दोन घास खात आणि ताट सरकवत. "कसं लागतंय?" म्हटलं की ठरलेलं उत्तर येई, "वली माती चावल्यागत." त्यावर मी म्हणे, "हुईल वो समदं नीट." हे वाक्य मी त्या महिन्यांत इतक्या वेळा म्हटलं की त्याचा अर्थ मलाच लागेनासा झाला होता.

पुण्याला नोकरी करणाऱ्या आमच्या मुक्ताने त्या दिवसांत फोनवर एक कृती पाठवली. पूर्वेकडच्या देशांत साखर चांगली काळपट होईपर्यंत जाळतात, तिच्यात आलं, लसूण आणि सोया सॉस घालतात आणि त्या रसात कोंबडी शिजवतात. तिच्या खोलीतली मैत्रीण तसं करते म्हणे. मी मिरची वगळली, घशाखाली सहज उतरावेत म्हणून मांसाचे बोटाच्या पेराएवढे तुकडे केले आणि रविवारी सकाळी कढई ठेवली. साखर सोनेरी झाली आणि माझ्या हाताने, मला न विचारताच, गॅस बंद केला. कोंबडी देखणी झाली, तुकतुकीत. यांनी दोन तुकडे चघळले आणि वाटी सरकवली. बुधवारी पुन्हा तेच. मुक्ता फोनच्या पडद्यावरून ओरडत होती, "आई, अजून होऊ दे, धूर निघू दे जरा, बिनदुधाच्या चहासारखा रंग यायला पाहिजे!" मला सगळं ऐकू येत होतं, पण हात ऐकेना. आपल्या हातून साखर करपते आहे हे मी उघड्या डोळ्यांनी पाहूच शकत नव्हते.

तपासणीच्या आदल्या दिवशी, पुढच्या रविवारी, यांनी शर्ट घातला आणि कॉलरमधून त्यांची मान एखाद्या परक्या माणसाची वाटली. मी स्वयंपाकघरात आले, साखर टाकली आणि दोन्ही हात पाठीमागे घट्ट धरून उभी राहिले. पिवळा रंग आला, गेला. तांबूस आला, गेला. खिडकीतून येणाऱ्या उन्हात धुराची एक बारीक निळी रेघ उठली, नाकात जळकट तिखटपणा शिरला आणि मला रडू फुटलं. रडता रडता मी उद्याच्या नळीला भ्यायले, त्यांच्या मरणाला भ्यायले. इतक्या महिन्यांत तो शब्द मी मनातसुद्धा उच्चारला नव्हता. साखर काळी झाली तेव्हाच मी तिच्यात पाणी ओतलं. कढई केवढ्याने तरी फसफसली.

"आवं, एक घास तरी," म्हणत मी त्या रसात शिजवलेल्या कोंबडीची वाटी त्यांच्यापुढे ठेवली. काम उरकल्यासारखे ते खाली मान घालून चावू लागले आणि थांबले. कपाळाला आठी पडली. "करपलंय व्हय? ऱ्हाऊ द्या, ऱ्हाऊ द्या," मी वाटी उचलू गेले, तर त्यांनी माझं मनगट धरलं.

"कडू हाय," ते म्हणाले. मग दुसरा तुकडा तोंडात घालून, खात्री करून घेत, हळूच, "कडू लागतंय गं."

गोड नाही, खारट नाही, नुसतं कडू. पण लागत होतं. तिसरा तुकडा त्यांनी बराच वेळ जिभेवर फिरवला. डोळे भरून आले होते, ते त्यांनी पुसले नाहीत. वाटीकडे बघतच म्हणाले, "मला त्या नळीचं लय भ्या वाटतंय."

नेहमीचं वाक्य माझ्या ओठांवर तयार होतं. ते मी गिळलं.

"मला बी," मी म्हणाले. "लय."

त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. मला वाटतं, इतक्या महिन्यांत त्या दिवशी पहिल्यांदाच आम्ही एकमेकांचं बोलणं खरं मानलं. आजवर मी त्यांच्यासमोर जे जे वाढत आले, ताटात काय आणि बोलण्यात काय, त्यातलं त्यांच्यापर्यंत नेमकं काय पोचलं असेल, कोण जाणे. उद्या वजनाचा काटा काय दाखवणार होता, तेही मला ठाऊक नव्हतं.

"अजून हाय का?" त्यांनी विचारलं.

कढईच्या तळाला काळा दाट रस धरला होता. उलथन्याने खरवडून तो सगळा मी त्यांच्या वाटीत घातला.