गिलक्यावरचा ढेकूण

लग्न ठरलं तेव्हा सासऱ्यांनी गावभर सांगितलं होतं, “सून बीएस्सी ॲग्री झालेली हाय.” ते ऐकून मला फार बरं वाटलं होतं. मूर्ख होते मी.

सिन्नर रस्त्याला आमचा अर्धा एकर गिलक्याचा, म्हणजे घोसाळ्याचा, मांडव. दुसऱ्याच वर्षी कोवळी गिलकी वाकडी व्हायला लागली, तेव्हा मी सासऱ्यांना वेल हलवून दाखवला. करडा ढेकूण, मागच्या पायांना पानासारखी चपटी पाळ. माणूस दिसला की हा पठ्ठ्या दांडीच्या पलीकडे सरकतो, हात लावला की घाण वास सोडून उडतो. फळात सोंड खुपसून रस ओढतो आणि तिथे फळाची वाढ खुंटते.

“फवारू नका,” मी म्हटलं. “उडून जातील आणि परत येतील. पहाटे गारठ्यात ते सुस्त असतात, तेव्हा साबणाच्या पाण्यात झटकू. अंडी वेलाच्या दांडीवर एका ओळीत असतात, तपकिरी मण्यांसारखी. ती खरडली की निम्मं काम झालं.”

“तू भाकरीचं बघ. मी औषधवाल्याला इचारून येतो.”

भर सकाळी, फुलं उमललेली असताना फवारणी झाली. मधमाश्या फुलांखाली मरून पडल्या, आठवडाभर गिलकं धरेना. ढेकूण शेजारच्या कारल्यावर पाहुणचार घेऊन परत आले. मग कुणाला न विचारता मी रोज पहाटे बादली घेऊन मांडवात शिरायला लागले. हाताचा वास कणकेला लागतो म्हणून बोलणीही खाल्ली. महिन्याभरात मांडव सुधारला.

पंचवटीच्या बाजारात आमचा माल उठून दिसायला लागला, तसे गावातले चार शेतकरी घरी विचारायला आले. सासरे रंगात येऊन सांगत होते, “पहाटं झटकायचे, अंडी खरडायची. आमच्या पोरानं शोधून काढलं हे.” पोरगा म्हणजे आमचे हे. सातपूरला कंपनीत कामाला, मांडवात पाय ठेवतील तर शपथ. मी चहाचा ट्रे घेऊन तिथेच उभी होते. सासऱ्यांशेजारी बसलेल्या यांनी माझ्याकडे बघितलं आणि मान डोलावली.

थोड्या वेळाने हे स्वयंपाकघरात आले. हळूच म्हणाले, “अगं, अंडी पानावर असतात का दांडीवर? ते विचारतायत.”

“दांडीवर,” मी सांगितलं. लगेच, वर्गातल्या हुशार मुलीसारखं. यांच्यावरचा राग कधीच ओसरला. मी उत्तर दिलं, याचा अजून ओसरलेला नाही.