बडी बाईंची वहिवाट

अन्याय झाला तो आमच्या मराठी शाळेच्या पोरांवर. उन्हाळ्याच्या सुट्टीनंतरच्या पहिल्याच सोमवारी, सकाळी, प्रार्थनेच्या आधी. आवार एकच, पुढे कॉलेज, मागे शाळा. दोन्ही एकाच मंडळाने काढलेली. मंडळ फुटलं, कॉलेजवाल्यांनी फाटक आपलं म्हटलं आणि कुलूप घातलं. मी तेव्हा सातवीत. आम्ही दप्तरं घेऊन रस्त्यावर उभे. आमच्या मुख्याध्यापिका, ज्यांना सगळे बडी बाई म्हणायचे, त्या ओरडल्या नाहीत. फाटकात माणूस वाकून जाईल एवढं छोटं दार होतं. त्यातून आत गेल्या आणि म्हणाल्या, "एकामागं एक या रे. डोकं सांभाळा."

गुरुवारी दुर्गच्या कोर्टाचा हुकूम आला: निकालापर्यंत सगळं जैसे थे. म्हणजे कुलूपही जैसे थे. निकाल अजून लागायचाच आहे. तारखा तेवढ्या लागतात.

वकिलांनी बाईंना एकदाच सांगितलं होतं, फाटकापासून शाळेपर्यंतचा रस्ता वापरात ठेवा, वहिवाट मोडली तर केस गेली. बाईंनी ते धरलं ते धरलंच. रविवारी, दिवाळीत, मे महिन्यात शाळा बंद असतानाही स्मृति नगरहून मोपेडवर यायच्या, वाकून आत शिरायच्या, शाळेच्या पायरीपर्यंत चालायच्या आणि परत फिरायच्या. कॉलेजचा चौकीदार हसायचा, "बडी बाई, आज तो इतवार है!"

"तो क्या, इतवार को रस्ता छुट्टी पे जाता है?"

मोठा झाल्यावर मी एक पत्रक लिहून त्यांना दाखवलं. मथळा होता 'शिक्षणाचे लुटारू'. त्यांनी चष्मा लावून वाचलं.

"लुटारू काढ."

"कावून बाई? लुटलंच ना त्यांनी?"

"लुटलं. पण तुझी बहीण त्याच कॉलेजात शिकून राहिली. आपल्या शाळेची अर्धी पोरं तिथंच जातात. त्यायले काय म्हणशील?"

काढला शब्द. पटलेलं मात्र अजून नाही.

एकदा कॉलेजचे दोन पदाधिकारी गोड बोलत आले. "मॅडम, कुम्हारीकडे ऐसपैस जागा देतो, केस मागे घ्या." बाईंनी त्यांना चहा पाजला आणि विचारलं, "इथली मरोद्याची पोरं तिकडं लांब कुम्हारीले कशी येतील? तुमची बस पाठवता का रोज?" चहा संपला. दोघं उठून गेले.

पुढे गुडघे गेले. वाकताना त्या दाराची चौकट धरून थोडा वेळ तशाच थांबायच्या. मी म्हटलं, "बाई, राहू द्या आता. किती भांडाल?"

"भांडाले नाही थकली रे मी. वाकाले थकली."

यंदा परीक्षा संपल्या त्याच आठवड्यात बाई गेल्या. मसणात माणूस मावत नव्हता. स्टील प्लँटमधून शिफ्ट सुटून तसेच आलेले, साहेब लोक, क्लार्क, सगळे त्यांचे विद्यार्थी. ज्याच्या त्याच्या तोंडी एकच, बाईंनी फार केलं. दुसऱ्या सकाळी छोट्या दाराशी मी आणि चौकीदार, दोघंच. तो हसला नाही. नुसता बाजूला झाला.

आता सुट्टी लागली आहे. शाळेत पोर नाही. कॉलेजने नेमका आत्ताच अर्ज टाकला: रस्ता वापरात नाही, छोटं दारही बंद करू द्या. सोबत रिकाम्या रस्त्याचे फोटो. मी रोज चालतो, पण वकील म्हणतात माझं चालणं धरणार नाहीत. मी पत्रकवाला, म्हणजे भांडणातलाच एक. पालक हवेत, बाकीचे माजी विद्यार्थी हवेत.

म्हणजे तुम्ही. बाईंनी फार केलं हे मला सांगू नका, ऐकून कान किटले. उद्या सकाळी या. वाका. शाळेच्या पायरीपर्यंत चालत जा. परवा पुन्हा या.